मांडव्याची मर्यादा

आमच्या वाचकांपैकी पुष्कळांची कुलस्वामिनी अंबाजोगाईची योगेश्वरी होय. घरात मंगलकार्य पार पडले, की नवपरिणीत दांपत्यास घेऊन तिच्या दर्शनास जावे, देवीची ओटी भरावी, मुकुंदराजांच्या समाधीवर मस्तक ठेवावे आणि सवड असल्यास परळीस वैजनाथाला अभिषेक करून परतावे, हा क्रम कित्येक घराण्यांत पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेला आहे. बीड जिल्ह्याशी आपला परिचय होतो तो असा, देवळांच्या आणि प्रसादाच्या मार्गाने. परंतु त्याच अंबाजोगाईस सत्र न्यायाधीशांचे न्यायालयही आहे. आणि जिल्ह्याच्या ठिकाणी, बिंदुसरेच्या काठच्या त्या जुन्या बीड शहरात, मुख्य न्यायालयाबरोबर बाल न्याय मंडळही बसते. त्या वास्तूंकडे यात्रेकरूंची पावले वळण्याचे कारण नसते. न वळोत हेच बरे. तथापि तेथे जो एक प्रश्न वारंवार उभा राहतो, तो प्रत्येक आईबापांनी विचारात घ्यावा असा असल्यामुळे आज आम्ही तो वाचकांपुढे मांडीत आहो.

प्रश्न असा. सोळा-सतरा वर्षांच्या मुलाच्या हातून अपराध घडला. खटला उभा राहिला आणि आपल्याकडील रीतीप्रमाणे वर्षानुवर्षे चालला. मध्यंतरी कायदेमंडळाने बालगुन्हेगारांविषयीचा कायदाच बदलला. आता त्या मुलाचा न्याय कोणत्या कायद्याने व्हावयाचा? अपराध घडला त्या दिवशीच्या, की निकाल लागेल त्या दिवशीच्या? आणि तोवर तो मुलगा वाढून, लग्न होऊन, दोन लेकरांचा बाप झालेला असला, तर न्यायासनाने त्याला मूल समजावयाचे की पुरुष?

हा प्रश्न आजकालचा नव्हे. महाभारताच्या आदिपर्वातील मांडव्य ऋषींची कथा आपण लहानपणी ऐकलेली असेल. चोर त्यांच्या आश्रमात येऊन लपले. ऋषींचे मौनव्रत चालू असल्यामुळे राजदूतांच्या प्रश्नांस त्यांनी उत्तर दिले नाही. झडतीत चोर व चोरीचा माल सापडताच राजाने चोरांबरोबर ऋषींसही सुळावर चढविले. तपोबलाने ते जिवंत राहिले. पुढे राजास आपली चूक उमगली व त्याने क्षमा मागितली. पण शूळ काही केल्या शरीरातून निघेना. अखेर तो कापावा लागला आणि त्याचे टोक, म्हणजे अणी, ऋषींच्या देहात कायमची राहिली. म्हणून त्यांस अणीमांडव्य हे नाव पडले. त्यांनी धर्मराजास जाब विचारला, की हे कोणत्या पापाचे फळ? धर्माने सांगितले, की बालपणी तुम्ही किड्यांच्या शेपटीत गवताच्या काड्या खुपसल्या होत्या, त्याचे. ऋषी क्रुद्ध झाले. अजाण वयातील अपराधास एवढा दंड! त्यांनी धर्मासच शाप दिला आणि तो विदुर होऊन जन्मास आला. त्याच वेळी त्यांनी एक मर्यादा घालून दिली: आजपासून, चौदाव्या वर्षापर्यंत घडलेल्या कृत्याचे पातक कोणास लागणार नाही.

ह्या कथेतून बालकाच्या अपराधास वयाची मर्यादा असावी हा बोध आपण घेतो. पण तीतील एक शब्द बहुधा नजरेतून निसटतो, तो म्हणजे ‘आजपासून’. ज्याच्या वेदनेतून ती मर्यादा जन्मास आली, त्यास स्वतःला तिचा काहीच उपयोग झाला नाही. नियम सुधारला, पण अणी आतच राहिली. पडून राहिलेल्या खटल्यांचा सारा प्रश्न ह्या एका शब्दात साठविलेला आहे.

आता इतिहासाकडे वळू. इंग्रजी अमदानीत सुधारगृहांचे कायदे १८७६ व १८९७ साली झाले, आणि मुंबई इलाख्याने १९२४ साली मुलांसाठी स्वतंत्र कायदा केला. बीड जिल्हा त्या वेळी निजामाच्या राज्यात होता. त्यामुळे मुंबईच्या कायद्याचा अंमल तेथे पोचत नव्हता. नगर जिल्हा इंग्रजांच्या मुलखात, तर त्याला लागून असलेले आष्टी-पाटोदे निजामाच्या. एक शीव ओलांडली की राज्य बदले आणि राज्याबरोबर कायदाही बदले. सप्टेंबर १९४८ मध्ये हैदराबाद संस्थान भारतात सामील झाले, १ नोव्हेंबर १९५६ रोजी बीड मुंबई राज्यात आले आणि १ मे १९६० रोजी महाराष्ट्रात. जमिनीवरची ती शीव पुसली गेली. पुढे साऱ्या देशाला मिळून एक कायदा झाला आणि शीव जमिनीवरून उठून तारखांमध्ये जाऊन बसली.

त्या तारखा वाचकांनी एकवार नीट पाहाव्यात, कारण पुढील सारे विवेचन त्यांवर उभे आहे. १९८६ चा बाल न्याय कायदा २ ऑक्टोबर १९८७ पासून अमलात आला. त्यात मुलगा सोळा वर्षांपर्यंत व मुलगी अठरा वर्षांपर्यंत बालक गणली जाई. बालहक्कांच्या आंतरराष्ट्रीय करारास भारताने १९९२ मध्ये मान्यता दिली, आणि त्यास अनुसरून झालेल्या २००० च्या कायद्याने मुलासही अठरा वर्षांची मर्यादा दिली. तो १ एप्रिल २००१ पासून लागू झाला. २२ ऑगस्ट २००६ पासून त्यात महत्त्वाची दुरुस्ती झाली. तो कायदा जाऊन २०१५ चा कायदा १५ जानेवारी २०१६ पासून आला, आणि त्यालाही २०२१ ची दुरुस्ती १ सप्टेंबर २०२२ पासून लागली. म्हणजे तीस-पस्तीस वर्षांत मर्यादेचा खांब तीनचार वेळा हलला. आणि आपल्या न्यायालयांत एखादा खटला तितकी वर्षे चालणे अशक्य नाही!

ह्याचा परिणाम काय होतो, हे एका कल्पित उदाहरणाने स्पष्ट करू. केज तालुक्यातील एका खेड्यात १० मार्च २००० रोजी बांधावरून मारामारी झाली व तीत एक इसम मरण पावला, असे समजा. आरोपींत दोन चुलतभाऊ आहेत. थोरल्याचा जन्म १० जानेवारी १९८३ चा, धाकट्याचा १ जून १९८३ चा. मारामारीच्या दिवशी थोरला सतरा वर्षे दोन महिन्यांचा, तर धाकटा सोळा वर्षे नऊ महिन्यांचा. त्या दिवशी अमलात असलेल्या १९८६ च्या कायद्याप्रमाणे दोघेही पुरुष. म्हणून दोघांवरही सत्र न्यायालयात खुनाचा खटला उभा राहिला.

वर्षभराने नवा कायदा आला व मर्यादा अठरांवर गेली. पडून असलेल्या खटल्यांसाठी त्या कायद्यात विसावे कलम होते. त्याचे म्हणणे असे, की खटला ज्या न्यायालयात चालू आहे तेथेच चालावा. पण मुलाचा अपराध शाबीत झाल्यास न्यायालयाने तेवढा निष्कर्ष नोंदवावा, शिक्षा सुनावू नये, आणि मुलास बाल न्याय मंडळाकडे पाठवावे. तरतूद दयेची होती खरी. पण ‘मूल’ कोणत्या दिवशी मूल असावे, ह्यावर वाद पेटला. वय अपराधाच्या दिवसाचे धरावे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८२ मध्ये म्हटले होते. तर २००० मध्ये दुसऱ्या एका निकालात त्याने मुलास न्यायालयापुढे प्रथम हजर करण्याचा दिवस धरला. अखेर २ फेब्रुवारी २००५ रोजी पाच न्यायाधीशांच्या पीठाने निर्णय दिला: वय अपराधाच्या दिवसाचेच धरावयाचे, मात्र जुन्या, पडून असलेल्या खटल्यांत नव्या कायद्याचा लाभ, १ एप्रिल २००१ रोजी ज्याची अठरा वर्षे पुरी झालेली नव्हती, त्यालाच मिळावयाचा.

आता आपल्या दोघा भावांकडे पाहा. १ एप्रिल २००१ रोजी धाकटा सतरा वर्षे दहा महिन्यांचा, तो वाचला. थोरला अठरांवर दोन महिन्यांचा, तो बुडाला. बांध एक, दिवस एक, काठ्याही एकाच कुंपणाच्या. पण धाकट्यास फार तर तीन वर्षे सुधारगृह आणि थोरल्यास जन्मठेप! अपराधात भेद नाही, अपराधाच्या दिवशीच्या समजुतीतही भेद म्हणण्याजोगा नाही. भेद केवळ एवढाच, की कायदा राजपत्रातून बाहेर पडण्यापूर्वी एकाने काही महिने आधी जन्म घेतला होता. दोघांच्या आया एकाच घरात भाकरी थापीत असताना हा भेद त्यांना कोणी कसा समजावून द्यावा?

कायदेमंडळाने ही विषमता ओळखली. २००६ च्या दुरुस्तीने विसाव्या कलमास स्पष्टीकरण जोडले, की प्रलंबित खटला असो, अपील असो, वा पुनर्विचार असो, अपराधाच्या दिवशी अठरा वर्षांखाली असलेल्या प्रत्येकास ही मर्यादा लागू समजावी, मग १ एप्रिल २००१ रोजी त्याचे वय काहीही असो. राजस्थानातील एका खटल्यात अपराध १९९८ मधला होता आणि मुलाने सोळा वर्षे नुकतीच ओलांडली होती. त्यात ५ मे २००९ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ह्या दुरुस्तीचा अर्थ निःसंदिग्ध शब्दांत सांगितला. थोरल्यास न्याय मिळाला, पण नऊ वर्षांनी. त्या मुलांची नावे आम्ही येथे दिलेली नाहीत, पुढेही देणार नाही. अशा बालकाची ओळख छापण्यास कायद्याची मनाई आहे, आणि ती मनाई योग्यच आहे.

येथे एक चोखंदळ वाचक विचारील, की कायदा मागे जाऊन लागू व्हावा हे न्यायाचे का? राज्यघटनेने तर तसे करण्यास बंदी केली आहे ना? होय, परंतु ती बंदी एकाच बाजूची आहे. अनुच्छेद २० सांगतो, की अपराध घडला त्या दिवशी जी शिक्षा कायद्याने देता आली असती, तिच्याहून अधिक शिक्षा कोणास देता येणार नाही. सौम्य कायदा मागे नेऊ नये, असे तो सांगत नाही. १९६४ मध्ये गुरगाव जिल्ह्यातील एका सोळा वर्षांच्या मुलाचे प्रकरण सर्वोच्च न्यायालयापुढे आले. त्यास सहा महिन्यांची सक्तमजुरी झाल्यानंतर, अपील चालू असता, अपराध्यास चांगल्या वर्तणुकीच्या हमीवर सोडण्याचा नवा कायदा त्या जिल्ह्यास लागू झाला. न्यायालयाने त्याचा लाभ त्या मुलास देवविला. तात्पर्य, दया मागे जाऊ शकते. कठोरता मागे जाऊ शकत नाही.

ह्या नियमाची दुसरी बाजू देशाने फार कटू प्रसंगी अनुभवली. १६ डिसेंबर २०१२ रोजी दिल्लीत एका तरुणीवर जो अमानुष अत्याचार झाला, त्यातील एक आरोपी अठरा वर्षांस काही महिने कमी होता. ३१ ऑगस्ट २०१३ रोजी मंडळाने त्यास तीन वर्षे विशेष गृहात ठेवण्याचा आदेश दिला. त्याहून अधिक त्या कायद्यात नव्हतेच. लोकक्षोभ उसळला. डिसेंबर २०१५ मध्ये तो सुटला, आणि त्याच सुमारास, २२ डिसेंबर रोजी, राज्यसभेने नवा कायदा संमत केला. ज्याच्यामुळे कायदा बदलला त्यालाच तो लागू झाला नाही! मांडव्याच्या कथेचे हे उलटे रूप होय. पुष्कळांना ते अन्यायाचे वाटले. त्या मुलीच्या आईबापांचे दुःख आठवले म्हणजे आम्हांसही गलबलून येते. परंतु क्रोधाच्या भरात केलेला कायदा मागे नेण्याची मुभा एकदा दिली, की ती उद्या कोणावर उलटेल ह्याचा नेम नाही.

२०१५ च्या कायद्याने सोळा ते अठरा वर्षांच्या मुलांसाठी एक नवे दार उघडले. ज्या अपराधास किमान सात वर्षांची किंवा अधिक शिक्षा आहे तो निर्घृण अपराध. तसा आरोप असल्यास मंडळाने, म्हणजे एक दंडाधिकारी व दोन समाजसेवक, त्यांपैकी एक स्त्री, अशा तिघांनी प्रथम त्या मुलाची शारीरिक व मानसिक कुवत, परिणाम समजण्याची शक्ती आणि घटनेची परिस्थिती ह्यांचे तीन महिन्यांत मूल्यमापन करावयाचे. आणि वाटल्यास त्याचा खटला प्रौढाप्रमाणे चालण्यासाठी बाल न्यायालयाकडे पाठवावयाचा. फाशी, अथवा सुटकेची आशाच नसलेली जन्मठेप, तेव्हाही देता येत नाही. हा नियम पूर्वीच्याहून कठोर म्हणून कायद्याच्या पंचविसाव्या कलमाने १५ जानेवारी २०१६ रोजी पडून असलेली सर्व प्रकरणे, नवा कायदा जणू झालाच नाही अशा रीतीने, जुन्या वाटेनेच चालवावयास सांगितले. २०१४ मध्ये सतरा वर्षांच्या मुलावर दाखल झालेला व त्या दिवशी पडून असलेला खुनाचा आरोप आज निकालास आला, तरी त्यास प्रौढ ठरविता येत नाही ते ह्यामुळे. मध्यंतरी तो अठरांचा, अठ्ठाविसांचा झाला, तरी अपराधापुरते त्याचे वय त्या दिवशीच थांबलेले असते.

कायद्याचा एखादा शब्दही प्रलंबित प्रकरणांची दिशा बदलू शकतो. ज्या अपराधास शिक्षेची वरची मर्यादा मोठी, पण खालची मर्यादा मुळी नाहीच, तो निर्घृण की नुसता गंभीर? जानेवारी २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो गंभीर वर्गात घातला, आणि २०२१ च्या दुरुस्तीने तसेच लिहून ठेवले. १९ मे २०२४ रोजी पुण्यात कल्याणीनगर येथे एका सतरा वर्षांच्या मुलाच्या मोटारीखाली दोन तरुण अभियंते मृत्युमुखी पडले, ते प्रकरण वाचकांच्या स्मरणात असेलच. मुलावर प्रौढाप्रमाणे खटला चालावा ही पोलिसांची मागणी मंडळाने जुलै २०२५ मध्ये नाकारली. अशा मागण्यांचा निर्णय ह्या वर्गवारीवरच अवलंबून असतो. शिवाय ती घटना १ जुलै २०२४ च्या आधीची. त्या दिवशी जुने पीनल कोड जाऊन भारतीय न्याय संहिता आली. पण आधीच्या अपराधांस जुनेच कलम लागते. तेथेही तीच तारखांची शीव!

आतापर्यंत आम्ही वयाच्या मर्यादेविषयी लिहिले. परंतु आमच्या मते सर्वांत मोठा बदल मर्यादेचा नव्हे, तर कानांचा आहे. न्यायासनाने किती उशिरापर्यंत ऐकून घ्यावयाचे ह्याचा आहे. ‘मी त्या वेळी बालक होतो’ हे म्हणणे कोणत्याही न्यायालयापुढे, कोणत्याही टप्प्यावर, अंतिम निकाल लागून गेल्यावरसुद्धा मांडता येईल, असे २००६ च्या दुरुस्तीने ठरविले आणि २०१५ च्या कायद्याने ते कायम ठेवले. ह्या एका वाक्याने काय घडविले, ते पुण्याच्याच एका खटल्यात दिसते.

२६ ऑगस्ट १९९४ रोजी पुण्यात एका घरातील स्त्रिया व मुले मिळून सात जणांची हत्या झाली. पुणेकरांच्या एका पिढीच्या काळजात त्या दिवसाचा चरका आजही आहे. १९९८ साली सत्र न्यायालयाने आरोपींस फाशी सुनावली, उच्च न्यायालयाने ती कायम केली आणि २००० मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही. त्यांतील एक आरोपी राजस्थानचा होता व न्यायालयीन कागदांत विशीतला तरुण म्हणून नोंदला गेला होता. पुष्कळ वर्षांनी त्याच्या गावच्या शाळेची नोंद पुढे आली. सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशावरून पुण्याच्या प्रमुख जिल्हा न्यायाधीशांनी चौकशी केली. जन्मतारीख निघाली १ फेब्रुवारी १९८२, म्हणजे हत्येच्या दिवशी वय साडेबारा वर्षांचे! २७ मार्च २०२३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने त्याची मुक्तता केली. तोवर त्याने अठ्ठावीस वर्षांहून अधिक काळ तुरुंगात घालविला होता, आणि त्यातील मोठा भाग फाशीच्या छायेत.

वाचकांनी येथे क्षणभर थांबावे. साडेबारा वर्षांचा मुलगा १९८६ च्या कायद्यानेही बालकच होता. म्हणजे मर्यादा वाढली म्हणून तो सुटला असे नव्हे. मर्यादा त्याच्यासाठी पहिल्या दिवसापासून होती. फक्त तारखेचा कागद न्यायासनापर्यंत पोचला नव्हता.

येथे एक आक्षेप मनात येणे साहजिक आहे. मृतांचे काय? ज्यांच्या घरची माणसे गेली, त्यांनी वीस-तीस वर्षांनी वर्तमानपत्रात वाचावे, की अपराधी कायद्याने मूल होते म्हणून सुटले; त्यांच्या जखमेवर हे मीठ नव्हे काय? उत्तर प्रदेशातील १९८१ सालच्या एका खुनातील आरोपी त्या वेळी सोळा वर्षांवर काही महिन्यांचा होता. २०२० मध्ये, वयाच्या पंचावन्नाव्या वर्षी, सर्वोच्च न्यायालयाने त्याची जन्मठेप रद्द करून त्याला बाल न्याय मंडळाकडे धाडले. पांढऱ्या केसांचा ‘बालक’ मुलांच्या मंडळापुढे उभा राहतो, ह्यात हास्यास्पद असे काही आहेच. हा आक्षेप आम्ही हलका मानीत नाही. परंतु दोष दयेचा नसून विलंबाचा आहे. वयाचा निर्णय पहिल्या महिन्यातच झाला असता, तर मुलास वेळीच सुधारगृह मिळाले असते आणि मृतांच्या नातलगांस वेळीच खरा निकाल. उशिरा आलेल्या न्यायाने दोन्ही घरांची फसवणूक होते.

आणि म्हणूनच आम्हांस पुन्हा बीडकडे वळावयाचे आहे. कारण तारखेचा हा कागद जेथे मुळातच डळमळीत, अशा जिल्ह्यांत बीडची गणना करावी लागते. दसरा-दिवाळीच्या सुमारास ह्या जिल्ह्यातील ऊसतोड कुटुंबे मुकादमाकडून उचल घेऊन कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर आणि कर्नाटकाकडे निघतात, ती उन्हाळ्याच्या तोंडी परततात. कित्येक बाळे ह्या काळात फडाशेजारच्या कोपीत जन्मतात. जन्माची नोंद एकवीस दिवसांत, जेथे जन्म झाला तेथेच, करावी असा १९६९ चा कायदा आहे. पण ज्या गावचे नावही बाळंतिणीस ठाऊक नसते, तेथे नोंद करावयास कोणी जावे? परत आल्यावर मूल सहा वर्षांचे दिसू लागले, की बाप त्यास शाळेत नेतो. मास्तर विचारतात, जन्म कधीचा? ‘पावसाळ्याच्या तोंडाला’ किंवा ‘गौरी-गणपतीत’ एवढेच उत्तर मिळते. शाळा जूनमध्ये उघडते; मास्तर हिशेब करून १ जून लिहून टाकतात. मराठवाड्यातील शाळांचे जुने पट उघडले तर १ जूनचे वाढदिवस ओळीने सापडतात. प्रवेशाचे वय भरावे म्हणून कधी एखादे वर्ष वाढवूनही घातलेले असते.

त्या वेळी ती गोष्ट निरुपद्रवी वाटते. परंतु कायदा वयाचा पुरावा कोणत्या क्रमाने पाहतो? २०१५ च्या कायद्यात प्रथम शाळेचा जन्मतारखेचा दाखला किंवा मॅट्रिकचे प्रमाणपत्र. ते नसल्यास नगरपालिका अथवा ग्रामपंचायतीचा जन्मदाखला. आणि दोन्ही नसल्यास हाडांची वैद्यकीय तपासणी. ही तपासणी नेमकी तारीख सांगू शकत नाही, अंदाज सांगते. पूर्वी, २००७ च्या नियमांत, अशा अंदाजात एक वर्षापर्यंतची सूट मुलाच्या बाजूने देण्याची मुभा शब्दांत लिहिलेली होती. नव्या कलमात ती तशी आलेली नाही. सीमारेषेवरील प्रकरणांत न्यायालयाने मुलाच्या बाजूने झुकावे, असे सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये म्हटले आहे खरे. तथापि ज्या मास्तरांनी पंधरा वर्षांपूर्वी एक वर्ष वाढवून घातले, त्यांच्या लेखणीच्या त्या एका फटकाऱ्याने सतरांचा मुलगा अठरांचा होऊन प्रौढांच्या तुरुंगाकडे जाऊ शकतो. आणि एक वर्ष कमी पडले, तर अठरांचा तरुण बालक ठरून मृताच्या घरी न्यायाची हेळसांड होऊ शकते. चुकीची तारीख ही कोणाचीच मैत्रीण नव्हे.

आपण सुशिक्षित कुटुंबांतील माणसे. आपल्या मुलांच्या पत्रिकेत घटिका-पळांपर्यंत जन्मवेळ लिहिलेली असते. म्हणून ह्या प्रश्नाशी आपला संबंध काय, असे कोणी म्हणेल. परंतु शाळेच्या पटापुढे बसलेले शिक्षक पुष्कळदा आपल्यापैकीच असतात. प्रसूतीची नोंद करणारे डॉक्टर, आरोपीची बाजू मांडणारे वकील आणि फाइलीवर सही करणारे अंमलदारही. त्यांतील प्रत्येकाने तारीख ही रकाना भरण्याची बाब न मानता एखाद्या जीवाची शीव मानली, तर पुष्कळ काही घडेल. १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मणाऱ्या मुलांच्या शाळाप्रवेशास जन्मदाखला हाच पुरावा धरण्याचे कायद्याने ठरले आहे. त्यामुळे घरी भांडी घासणाऱ्या बाईस, शेतावरच्या गड्यास, ‘बाळाची नोंद केलीस का’ हे एकदा विचारणे पूर्वीहून अगत्याचे झाले आहे. वर्ष उलटून गेले असल्यास दंडाधिकाऱ्यांच्या आदेशाने नोंद होऊ शकते, हेही त्यांस सांगावे. आणि एखाद्या ओळखीच्या घरावर असा प्रसंग आलाच, तर पहिल्याच दिवशी वयाचा प्रश्न उपस्थित करावयास लावावे. बालकांस व स्त्रियांस मोफत वकील देण्याची सोय जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे आहे. तिचा लाभ घेण्यात संकोच कसला?

कायदे पुढेही बदलतील. मर्यादा कधी चौदांची, कधी सोळांची, कधी अठरांची होईल. त्यावर मतभेद असणारच, आणि ते आमच्या वाचकांतही असतील. पण दोन गोष्टींविषयी दुमत होऊ नये. कठोर कायदा कोणाच्याही मागे धावू नये, आणि सौम्य कायदा ज्याच्यासाठी आहे त्याच्यापर्यंत तो वेळीच पोचावा. पहिली गोष्ट राज्यघटनेने सांभाळली आहे. दुसरी मात्र शाळेचा पट, ग्रामपंचायतीचे दप्तर आणि न्यायालयाची पहिली तारीख ह्यांच्या हाती, म्हणजे माणसांच्याच हाती, आहे.

पुढल्या वेळी योगेश्वरीच्या दर्शनास गेलो, की देवळातून बाहेर पडताना त्याच गावच्या न्यायालयाच्या आवारात शाळेचा दाखला पदराखाली जपून बसलेल्या एखाद्या माउलीची आठवण आपण ठेवू या. तिच्या मुलाने काय केले ते न्यायाधीश ठरवितील. परंतु त्या दाखल्यावरची तारीख खरी असावी, आणि ती पहिल्याच दिवशी वाचली जावी. शूळ देहात रुतल्यावर मर्यादा घालून काय उपयोग? अणी मग निघत नाही.